बेचाळीस नंबरची बदली

माणूस आणि घोरपड ही एकाच आईची लेकरं आहेत, हे आमच्या लिंतो बेटावरचं सनातन सत्य आहे. सख्ख्या भावंडांत असतं तितपत प्रेमही दोघांत आहे, म्हणजे संधी मिळाली की घोरपड माणसाची शेळी खाते आणि माणूस कचेरीत जाऊन तिची तक्रार करतो.

त्या तक्रारी मी लिहून घ्यायचो. माझं नाव इद्रिस. वय सत्तेचाळीस, शिक्षण कुपांग शहरात बी.ए., नोकरी अभयारण्याच्या कचेरीत कारकुनाची. लग्न जमलं नाही. आमच्याकडे जाळं फेकता न येणाऱ्या माणसाला मुलगी देत नाहीत आणि पदवी दाखवल्यावर तर विषयच काढत नाहीत. मी थोरल्या बहिणीच्या घरी राहायचो. रुकाया ताई माझ्याहून चौदा वर्षांनी मोठी, आणि बेटाची सुईण.

आमची घोरपड म्हणजे अडीच मीटर लांबीचा ऐवज. धूळभरल्या दगडासारखा रंग, पिवळी दुभंगलेली जीभ, आणि घाई कशाचीच नाही. गावात तिला ओरा म्हणतात. कचेरीत नंबरने ओळखतात. ते नंबरही मीच द्यायचो.

गावात मूल जन्मलं की सुईण चिंचेच्या रानाच्या कडेला जाते आणि बाळाचं नाव तीनदा मोठ्याने घेते. त्याच घटकेला रानात कुठल्यातरी अंड्यातून बाळाचं जुळं बाहेर पडलेलं असतं, त्याला ते नाव मिळतं. कोणतं जनावर कोणाचं, हे फक्त सुईणीला ठाऊक असतं आणि ती सांगत नाही. आपलं जुळं ज्याला कळलं त्याचं जुळं बेटावर टिकत नाही, असं मानतात. नियम करणारा शहाणा असला पाहिजे. नाहीतर शेजाऱ्याच्या जुळ्याला दगड मारण्यातच गावाचा जन्म गेला असता.

कोणी पोटापाण्यासाठी परमुलखात गेलं की घरचे दर शुक्रवारी रानाच्या कडेला माशांची डोकी ठेवतात. जुळं इथे टिकलं पाहिजे. ते इथे आहे तोवर माणूस इथलाच, मग तो मलेशियाच्या ताडबागेत का राबत असेना. होडीवाल्या लाहामाचा बाप एकोणीस वर्षांनी परत आला, चटईवर आपल्या जागी बसला आणि पहिला घास घेऊन म्हणाला, मीठ कमी आहे. कोणालाही नवल वाटलं नाही. दर शुक्रवारी डोकी गेली होती. मी कुपांगला शिकत होतो ती चार वर्षं ताईनेही डोकी ठेवली. मी पास झालो त्याचं श्रेय तिने माशांना दिलं, आणि माझे गुण पाहता ते अगदीच चुकीचं नव्हतं.

आता कचेरीच्या नियमाप्रमाणे रानटी जनावराला खाऊ घालणं गुन्हा आहे. तो नियम मी स्वतः टंकून खांबावर चिकटवला होता. ताई त्याच खांबाशी टोपली टेकवून दम खायची आणि पुढे जायची.

बेचाळीस नंबरचा नर आमच्या घराखाली राहायचा. आमचं घर गावातलं शेवटचं, रानाला लागून, पुरुषभर उंचीच्या खांबांवर. खालच्या सावलीत त्याने मातीत आपल्या अंगाचा खळगा करून ठेवला होता. तो बरोबर माझ्या चटईखाली यायचा. मी कूस बदलली की खालून खरड ऐकू यायची. फळ्या जुन्या होत्या, आवाज कुठूनही येतो.

त्या साली कोरड्या हंगामात, टेकड्यांवरचं गवत वाळून पार पिवळं झालं तेव्हा, विबिसोनो साहेब जावाहून आमच्या कचेरीचे प्रमुख म्हणून आले. पर्यटकांची सुरक्षितता हा त्यांचा विषय होता. ज्या घराखाली मोठी घोरपड वस्ती करते ते घर धोक्याचं, अशी त्यांनी व्याख्या केली. धोक्याचं घर रिकामं करायचं आणि त्यातल्या माणसांना मोठ्या बेटावरच्या नव्या वसाहतीत न्यायचं. ती वसाहत मी पाहिली होती. पत्र्याच्या खोल्या, ओळीत, आणि समुद्राकडे पाठ. जी घरं धोक्याची नव्हती त्यांतल्या माणसांची कायम रहिवाशांची यादी व्हायची होती. यादीत नाव आलं की त्या माणसाला बेटावरून कोणी हलवणार नव्हतं. धोक्याच्या घरांत आमचं घर पहिलं होतं.

मी साहेबांना सांगितलं की ताई तिथेच जन्मली, मीही तिथेच जन्मलो. साहेब समजूतदार होते. म्हणाले, "मग जनावर हलवा. एक तर ते, एक तर तुम्ही. मला काय, खाली कोणी झोपलेलं नको."

म्हणजे ताईचं घर वाचवणं माझ्या हातात होतं. इतकं महत्त्वाचं काही माझ्या हातात पूर्वी कधी आलं नव्हतं.

ताई मागच्या पायरीवर मासे साफ करत होती. मी सगळं सांगितलं. शेजारच्या सेराई बेटावर हरणं पुष्कळ आहेत, बेचाळीस तिथे सुखात राहील, असंही सांगितलं. तिने सुरी थांबवली नाही.

"नेऊ नकोस त्याला."

"का?"

"सांगता येत नाही म्हणून तर नुसतं नेऊ नकोस म्हणतेय."

"ताई, घर जाईल. पत्र्याच्या खोलीत राहशील का तू? तिथून समुद्र दिसत नाही."

"जाऊ दे घर. आपण दोघं जाऊ वसाहतीत. तो इथे राहू दे. तो इथे असला की आपण कुठेही राहिलो तरी इथलेच." मग, माझ्याकडे न बघता, "इद्र्या, शिकलास तेवढं पुरे झालं. माझं एक ऐक."

साठी उलटलेली बाई राहतं घर सोडायला तयार होते, पण एका जनावराला हलवू देत नाही. बी.ए. झालेल्या माणसाला याचा अर्थ लावायला वेळ लागला नाही. बेचाळीस तिचं जुळं होता. सुईण असल्यामुळे तिला ते कळलेलं होतं, आणि सुईण असल्यामुळेच बोलता येत नव्हतं. मला वाईट वाटलं. या गोष्टींवर माझा विश्वास नव्हता, पण तिचा होता, आणि जनावर गेल्यावर ती हाय खाऊन आजारी पडली असती. विश्वासाने माणसं मरतात, हे विज्ञानालाही मान्य आहे.

तेव्हा मी तोड काढली. दुसऱ्या दिवशी भर दुपारी, गाव सावलीला पडलेलं असताना, मी चिंचेच्या रानाच्या कडेला गेलो आणि ताईचं नाव तीनदा मोठ्याने घेतलं. रुकाया इथलीच आहे, रुकाया इथेच राहील, हेही जोडून दिलं. नव्याने नाव दिलं की नवं जुळं बांधलं जातं, असा माझा हिशेब. जुन्या पद्धतीत एवढी सोय असायला हरकत नव्हती. रानातून काही उत्तर आलं नाही. धक्क्यावर उतरलेल्या एका पर्यटक बाईने तेवढ्यात माझा फोटो काढला. मी स्थानिक विधी करतोय असं तिला वाटलं असावं, आणि लाज अशी की मी तोच करत होतो.

गुरुवारी सापळा लावला. बकऱ्याची तंगडी आत टांगली. एरवी घोरपडी सापळ्याभोवती दोन दोन दिवस घिरट्या घालतात. बेचाळीस घराखालून निघाला, अंगण ओलांडलं, तंगडीला तोंडही न लावता आत जाऊन बसला. सहा माणसांनी त्याचा जबडा चिकटपट्टीने बांधला, डोळ्यांवर फडकं टाकलं. तो धडपडला नाही. मी बाजूला उभा राहून कागदावर लिहीत होतो. फडकं टाकेपर्यंत तो माझ्याकडे बघत होता, पण मी त्याच्या अगदी समोरच उभा होतो, बघायला दुसरं होतं काय.

पिंजरा लाहामाच्या होडीत चढवला. बेट सोडून जाणाऱ्या प्रत्येकाला आमचा होडीवाला सुटताना विचारतो, परत कधी? जाणारा स्वतः उत्तर देत नाही. काठावर उभं असलेलं त्याचं घरचं माणूस ओरडून सांगतं, उद्याच. दहा वर्षांसाठी जाणाऱ्याचंही उत्तर उद्याच असतं. लाहामाने सवयीने दोर सोडला आणि पिंजऱ्याला विचारलं, "काय, परत कधी?"

सगळे हसले. मीही हसलो.

ताई काठावर आली होती. तिने तोंड उघडलेलं मी पाहिलं. मग तिने माझ्याकडे पाहिलं आणि तोंड मिटलं. ओठ असे दाबून धरले, जसं दात काढलेला माणूस कापूस धरतो. होडी वळली. उत्तर कोणीच दिलं नाही, आणि घोरपडीसाठी कोण देणार म्हणून कोणाला ते खटकलंही नाही.

त्या दिवशी दुपारी जेवताना माझ्या तोंडाला रक्ताची चव आली. ताजं, कोमट, केस अडकलेलं मांस. मी भात थुंकला. ताईने पाणी दिलं. संध्याकाळी लाहामा परत आल्यावर सांगत होता की सेराईला सोडल्यावर बेचाळीसने तंगडी खाल्ली. मी पित्तावरची गोळी घेतली.

शुक्रवारी उठलो तेव्हा ऊन अंगणात येईपर्यंत मला हातपाय हलवता येईनात. कोरड्या हंगामातली पहाटेची हवा बोचरी असते. मी पायरीवर उन्हात बसून राहिलो. तासाभराने बरं वाटलं. आत गेलो तर ताई जेवायला बसली होती. एकच ताट होतं.

"माझं?" मी विचारलं.

तिने मान वर केली. क्षणभर, अगदी क्षणभर, ती आठवण्याचा प्रयत्न करत होती. मग घाईघाईने उठली. "अगं बाई. विसरलेच की." भात एकाचाच शिजला होता. तिने अर्धा दिला.

शनिवारी कॉफीच्या टपरीवरच्या बाईने मला विचारलं, कुठल्या बोटीने आलात. मी तिला नावाने हाक मारून विनोद केला. ती सभ्यपणे हसली. पर्यटकांशी हसतात तशी. आणि मी रोज बसतो त्या बाकाऐवजी तिने मला प्लॅस्टिकची खुर्ची पुसून दिली.

टपरीमागे लाकडी घोरपडी कोरत बसलेली माणसं मला पाहून उठली आणि त्यांनी माल दाखवायला सुरुवात केली. त्यातल्या दोघांची जन्माची नोंद मी केली आहे.

मी स्वतःला समजावलं की गाव माझ्यावर रागावलं आहे. कोणाच्या तरी जुळ्याला हलवलं म्हणून बहिष्कार घातला आहे, आणि खेडवळ लोकांच्या मानाने बहिष्कार फारच सफाईदार जमवला आहे. याला उपाय होता. सोमवारी रहिवाशांची यादी वाचली जाणार होती. आमचं घर आता धोक्याचं नव्हतं. त्या घरात दोन नावं होती, आणि ती मी स्वतः टंकली होती. यादी वाचली की तोंडं बंद होतील.

सोमवारी सकाळी मशिदीशेजारच्या मांडवात गाव जमलं. गावप्रमुख हाजी मुस्तारी यांनी चष्मा पुसला आणि घराघराने नावं वाचली. मी मागे उभा होतो. माझ्यासाठी कोणी सरकलं नाही, पण पाव्हण्याला जागा देतात तशी एकाने चटईची कड मोकळी केली.

"घर सत्तावीस," हाजी म्हणाले. "रुकाया, सुईण. एकटी."

मी हात वर केला. म्हटलं, दोन आहेत.

हाजी चष्म्यावरून बघत राहिले. "आपण कोण?"

मी नाव सांगितलं.

"इद्रिस?" त्यांनी लाहामाकडे पाहिलं. "इद्रिस तर सेराईला गेले ना?"

"गेले की," लाहामा म्हणाला. "गुरुवारी मीच सोडून आलो. काठावरून कोणी उत्तर दिलं नाही, तेव्हाच म्हटलं, हा काही यायचा नाही."

कोणी हसलं नाही. मी चेहरे बघत होतो. एकही चेहरा मुद्दाम गंभीर झालेला नव्हता.

मी पुढे जाऊन कागद हिसकावला. माझ्या मशीनवर टंकलेला कागद. घर सत्तावीसपुढे दोन नावं होतीच. दुसऱ्या नावावर शाईची रेघ होती आणि पुढे लिहिलं होतं, बेट सोडून गेले. ते अक्षर माझं होतं. असं मी कधी लिहिलं, मला आठवत नाही.

हाजींनी कागद हळूच परत घेतला. "भला माणूस होता," ते मला म्हणाले. "तुमच्या ओळखीचा होता का?"

मी घरी गेलो. ताई मागच्या पायरीवर होती. मला पाहून तिने डोक्यावरून ओढणी घेतली.

"बसा साहेब," ती म्हणाली. "कॉफी ठेवते."

घरासाठी केलं होतं सगळं. घर होतं. मी त्यात पाहुण्यासारखा कडेला बसलो.

"ताई, मी इद्रिस."

तिने माझ्याकडे नीट पाहिलं. प्रेमाने पाहिलं, हे सांगायला हवं. बाळंतिणीच्या घाबरलेल्या नवऱ्याकडे ती अशीच बघायची.

"माझा भाऊ होता त्या नावाचा. शिकायला गेला. आला होता परत." तिने टोपली जवळ ओढली. "मग गेला. त्याला नाव मीच दिलेलं. म्हणजे रानात सांगायला मीच गेले होते, चौदा वर्षांची. सुईणआजीचे पाय सुजले होते म्हणून." तिने हात ओढणीला पुसले. "आता सांगायला हरकत नाही. तो इथे नाही, आणि ते जुळंही इथे नाही. आमच्या घराखालीच असायचं. मी किती सांभाळलं."

मी फळ्यांच्या फटीतून खालचा रिकामा खळगा पाहिला.

"तुम्ही सेराईकडून आलात का? निरोप आहे त्याचा?"

"हो," मी म्हटलं. "बरा आहे."

"जेवतो?"

"जेवतो."

"मीठ कमी लागलं तर बोलत नाही तो. तिथल्या कोणाला सांगा."

मी सांगतो म्हटलं.

तिने माशांची डोकी टोपलीत घातली आणि ती रानाकडे गेली. मी मागोमाग गेलो. तिने नेहमीच्या दगडावर डोकी मांडली आणि वाट बघत उभी राहिली. खायला कोणी आलं नाही. थोड्या वेळाने मुंग्या आल्या.

"शुक्रवार नाही आज," मी म्हटलं.

"रोजच ठेवावी म्हणते," ती म्हणाली. "उत्तर द्यायचं राहून गेलं."

सेराईला जायचं ठरवलं. लाहामा म्हणाला, साहेब, परवाना लागतो. परवाना अभयारण्याच्या कचेरीत मिळतो. तिथे कळलं की परवाने लिहिणारा कारकून सेराईला गेल्यामुळे परवाने देणं तूर्त बंद आहे.

मी कचेरीच्या पाहुण्यांच्या खोलीत राहतो. कोणी हटकत नाही. पाहुण्याशी वाईट वागणं आमच्यात नाही.

सकाळी ऊन येईपर्यंत उठवत नाही. कधी समुद्रावरून वारा आला की तोंडात हरणाची चव येते.

काल विबिसोनो साहेबांच्या टेबलावर सेराईच्या चौकीचं पत्र पडलं होतं. पाहुण्याला वाचायला कोणी अडवलं नाही.

आपल्याकडील इद्रिस हे गुरुवारपासून नियमित कामावर आहेत, असं त्यात होतं. पहाटेपासून धक्क्यावर असतात. ऊन वर येईपर्यंत बोलत नाहीत, नंतरही नाही. काम समाधानकारक. एक गणवेश पाठवावा.

साहेबांनी तो पाठवला. मापाबद्दल अजून तक्रार आलेली नाही.